तिसरी सीडी

श्रेष्ठ कलाकृतीसमोर माणूस आपलं पद, प्रतिष्ठा आणि हुद्दा विसरतो. हे वाक्य माझं आहे. आमच्या हिंगोलीच्या चित्रपट मंडळाच्या निमंत्रणपत्रिकेवर ते सगळ्यात वर छापलेलं असायचं. त्याच्याखाली प्रमुख पाहुण्यांचं पद, मग अध्यक्षांचं, मग उपाध्यक्षांचं, मग सहकार्य करणाऱ्यांची यादी, आणि तरीही जागा उरली तर सिनेमाचं नाव.

जिल्हा नवाच झाला होता. परभणीपासून वेगळा निघाल्यावर आधी कार्यालयं आली, कार्यालयांमागून पाट्या आल्या, पाट्यांमागून साहेब आले. साहेबांची बिऱ्हाडं औरंगाबादला नाहीतर नांदेडलाच राहिली. त्यामुळे ज्या रविवारी ते घरी जात नसत, त्या रविवारी त्यांना करायला काही नसे. आमच्याकडे संस्कृती तिथून सुरू झाली. डॉक्टर, वकील, अभियंते, प्राध्यापक अशा चाळीसेक जणांनी मिळून मंडळ काढलं. मी कनिष्ठ महाविद्यालयात इंग्रजी शिकवत होतो. परदेशी सिनेमाच्या तळाशी धावणाऱ्या इंग्रजी ओळी वाचून त्यांचं मराठी तिथल्या तिथे माइकवर सांगणारा कोणीतरी हवा होता, म्हणून मला सचिव केलं.

महिन्यातून एकदा, रविवारी सकाळी, एका मंगल कार्यालयात आम्ही सिनेमा दाखवायचो. कार्यालयाचा मालक सरकारी बांधकामांचा ठेकेदार होता आणि हॉल फुकट द्यायचा. मंडपवाल्याच्या सतरंज्या खिडक्यांवर टांगल्या की अंधार व्हायचा. अट एकच होती: लग्नसराईत दुपारी एकला हॉल रिकामा झाला पाहिजे.

त्या वर्षी होळीनंतर पुण्याच्या एका संस्थेकडून आम्हाला एक जपानी सिनेमा मिळाला. एसटीच्या पार्सलातून तीन सीड्या आल्या. सोबत एक छापील फॉर्म होता. 'चित्रपट कोणतीही काटछाट न करता संपूर्ण दाखवण्यात आला' असं प्रमाणित करून, सही-शिक्क्यासह तो परत पाठवायचा होता. काटछाटीबद्दल ती संस्था फार कडक होती.

आदल्या दिवशी, शनिवारी दुपारी, वही घेऊन मी सिनेमा घरी पाहून घेतला. समुद्रकाठचं एक गाव, समोर एक बेट. बेटावरची तेवीस मुलं रोज बोटीनं या काठावरच्या शाळेत येतात आणि संध्याकाळी परत जातात. बोट जुनी आहे. दरवर्षी ती तपासून दाखला देणारा एक सरकारी तपासनीस आहे, पन्नाशीचा, चिडका, एकटा. जपानात म्हणे सहीच्या जागी शिक्का मारतात. बोटाएवढा, प्रत्येकाचा आपला आपला, डबीत जपून ठेवलेला. यंदा बोटीच्या तळाच्या फळ्या कुजल्या आहेत, हे तपासनिसाला दिसतं. बोटीचा मालक त्याचा लहानपणीचा मित्र. वरिष्ठ म्हणतो, शिक्का मार, बोट बंद झाली तर या मुलांची शाळाच सुटेल, त्याचा तरी विचार कर. सिनेमात खलनायक कोणी नाही. सगळे कमरेत वाकून, अदबीनं त्याला खोटं लिहायला सांगतात. दुसरी सीडी संपते तेव्हा तपासनीस डबी उघडतो, शिक्का शाईवर टेकवतो आणि हात कागदाच्या वर धरतो.

तिसऱ्या सीडीत तो शिक्का मारतो. आणि बोट बुडत नाही. पुढची पस्तीस मिनिटं एवढंच आहे, की तो रोज सकाळी धक्क्यावर येऊन उतरणारी मुलं मोजतो आणि संध्याकाळी चढणारी मोजतो. मुलं मोठी होतात, नवी येतात, तो निवृत्त होतो, काठी घेऊन येतो, तरी मोजतो. तो मरेपर्यंत बोट काही बुडत नाही.

मी वही मिटत होतो तेवढ्यात माझा एक जुना विद्यार्थी दारात आला. सेनगाव तालुक्यातल्या एका तांड्यावरचा. त्या तांड्यावरून पदविका घेतलेला हा पहिलाच. एका बांधकाम कार्यालयात कनिष्ठ अभियंता म्हणून लागून त्याला दीडेक वर्ष झालं होतं, अजून कायम व्हायचा होता.

"सर, उद्या आमाला वीस खुर्च्या भरायच्या हायत," तो म्हणाला. "साहेबांचा हुकूम हाय. तुमचे प्रमुख पाहुणे हायत ना ते."

"माहीत आहे. शाल मीच आणली."

तो हसला नाही. एरवी हसायचा. पाणी दिलं ते तसंच हातात धरून बसला.

"काय झालं?"

"सर, स्लॅबला पोट आलंय."

त्याच्या तांड्याजवळच्या गावात शाळेच्या दोन खोल्या बांधून झाल्या होत्या आणि देखरेख त्याच्याकडे होती. स्लॅब टाकल्यावर त्याला खालून आधार देणाऱ्या लोखंडी प्लेटा आणि बल्ल्या तीन आठवडे तरी हलवायच्या नसतात, एवढं मलाही माहीत होतं. ठेकेदारानं त्या आठव्या दिवशी काढल्या होत्या.

"काहून काढल्या?" मी विचारलं. तो समोर असला की माझीही जीभ तिकडे वळते.

"दुसऱ्या कामावर पाहिजे व्हत्या म्हणं. मी होळीला तांड्यावर गेलतो. होळीची लेंगी गाणी म्हणत तीन रोज राहिलो तिथंच. येऊन बघतो तर मधीच पोट. दोरी ताणून बघितली सर. चार बोटं खाली."

"साहेब काय म्हणतात?"

"म्हणतात, पोट कोणाला नसतं?"

सोमवारी त्यानं काम पूर्ण झाल्याच्या दाखल्यावर सही करायची होती. त्याच्या सहीवर साहेबांची सही होणार, आणि मग उद्घाटन. पाहुणे ठरले होते.

"कोनशिलाबी कोरून आलीय सर. नऊ नावं हायत. माझं आठवं."

"आणि सही केली नाहीस तर?"

"अजून कायम न्हाई मी. कुठंबी फेकतील. बाप म्हणून राहिला, कर बाबा, सगळेच करतेत. माय म्हणती, त्या शाळेत आपल्याच तांड्याचे लेकरं बसणार हायत."

एवढं सांगून तो माझ्याकडे बघत राहिला. मी वीस वर्षं पुस्तकं वाचलेला माणूस. माझ्या कपाटात नीतिशास्त्रावरची तीन पुस्तकं होती, त्यातली दोन वाचलेली. मी त्याला म्हणालो, "उद्याचा सिनेमा नीट बघ."

तांड्यावरच्या पोरांच्या डोक्यावर येणारा स्लॅब त्यानं मला दाखवला आणि मी त्याला सिनेमा सुचवला.

दुसऱ्या दिवशी नऊची वेळ होती. साहेब पावणेदहाला आले. दीपप्रज्वलन झालं, पंखे बंद करून. मग सत्कार. आमच्याकडे व्यासपीठावर बसलेल्या माणसाला नारळ मिळाला नाही तर तो पुढची तीन वर्षं बोलत नाही, म्हणून व्यासपीठावर जितके तितके नारळ आणावे लागतात. त्या दिवशी अकरा होते. प्रमुख पाहुण्यांचा सत्कार अध्यक्षांनी केला, अध्यक्षांचा प्रमुख पाहुण्यांनी. हॉल फुकट दिल्याबद्दल ठेकेदाराचा सत्कार साहेबांच्या हस्ते झाला. दोघांनी एकमेकांकडे न बघता फोटोग्राफरकडे बघितलं. मग साहेबांचा परिचय झाला. त्यात त्यांची शाळा, महाविद्यालय, आजवरच्या सगळ्या बदल्यांची गावं आणि शेवटी 'कर्तव्यकठोर' हा शब्द होता. परिचय मीच लिहिला होता. शब्द अध्यक्षांनी घातला होता. वाचला मी.

अकरा वाजून पाच मिनिटांनी पडद्यावर समुद्र दिसला.

पहिली सीडी साहेबांनी सोफ्यावर डोळे मिटून पाहिली. मागच्या स्वयंपाकघरात दुपारच्या साखरपुड्याच्या वरणाला फोडणी पडली आणि जपानी बेटाला लसणाचा वास यायला लागला. दुसऱ्या सीडीत तपासनिसाचा वरिष्ठ म्हणाला, "तुम्ही फक्त शिक्का मारा, विचार करायला आम्ही आहोत." मी ते जसंच्या तसं माइकवर सांगितलं. मागच्या वीस खुर्च्या एकदम हसल्या. त्या हसण्यानं साहेब जागे झाले, शेजाऱ्याला काहीतरी विचारलं आणि दोन मिनिटांत माझ्याकडे अध्यक्षांची चिठ्ठी आली: 'थोडक्यात सांगावे.'

मी थोडक्यात सांगायला लागलो. वरिष्ठ पाच मिनिटं बोलायचा, मी म्हणायचो, "तो त्याला समजावतो आहे."

तपासनिसाचा हात कागदावर थांबला, दुसरी सीडी संपली आणि कोणीतरी सतरंजी ओढून उजेड केला. दारात साखरपुड्याची माणसं ताटं घेऊन उभी होती. एक वाजायला दहा मिनिटं कमी होती.

"झालं का हो तुमचं?" नवरीचा मामा ओरडला. "पाहुणे उन्हात हायत!"

मी अध्यक्षांच्या कानाशी गेलो. "अजून पस्तीस मिनिटांचा सिनेमा आहे."

"आणि साहेबांचं भाषण?"

"सिनेमाचा शेवट राहिलाय, सर."

"अहो, सिनेमा घरीही बघता येतो. साहेबांचं मार्गदर्शन घरी मिळतं का?"

नवरीच्या मामाला सरबत पाजून थांबवलं आणि साहेब उभे राहिले.

"मित्रहो," ते म्हणाले, "त्यानं शिक्का मारला नाही!" टाळ्या पडल्या. "दिग्दर्शकानं दाखवलं नाही, कारण दाखवायची गरजच नाही. तो हात थांबला, मित्रहो. तो हात म्हणजे जपान. राख झालेला देश उभा राहतो तो अशा हातांवर. आपल्याकडेही हे हात निर्माण झाले पाहिजेत." मग त्यांनी मागच्या वीस खुर्च्यांकडे बोट केलं. "माझ्या तरुण अभियंत्यांना मी हेच सांगत असतो."

मला वाटलं, आता तरी कोणी उठेल आणि म्हणेल, सिनेमा संपलेला नाही. एक वकील उठले. त्यांच्या मते शिक्का मारला असता तरी तपासनिसावर जबाबदारी आली नसती, कारण बोटमालकाचा परवाना स्वतंत्र असतो. एक डॉक्टर उठले आणि शेवट प्रेक्षकांवर सोपवण्याचं धैर्य फक्त पूर्वेकडच्या कलावंतांत आहे, असं म्हणाले. एका प्राध्यापकांना त्या थांबलेल्या हातात बुद्धाची अभयमुद्रा दिसली. शेवट माझ्या खांद्यावरच्या शबनममध्ये होता. मी आभार मानले.

आज मला साहेबांचा राग येतो त्याहून जास्त त्या टाळ्यांचा येतो. साहेबांना निदान माहीत होतं की आपण काय करतो आहोत. टाळ्या वाजवणाऱ्यांत रोज सह्या करणारी चाळीस सुशिक्षित माणसं होती. एका काल्पनिक जपान्यानं एक काल्पनिक शिक्का मारला नाही, याचा त्यांना इतका आनंद झाला की ती जेवायला समाधानानं घरी गेली.

मी पडदा गुंडाळत होतो तेव्हा माझा विद्यार्थी मदतीला आला. पडद्याचं एक टोक धरून तो वर बघत होता. हॉलच्या मागच्या बाजूला गॅलरी वाढवायचं काम चाललं होतं, नवा स्लॅब प्लेटांवर टेकलेला होता.

"सर, त्या प्लेटा बघा."

"काय त्यांचं?"

"शाळेच्या हायत. कडेला लाल रंग दिसून राहिला ना, तो माझ्या हातचा हाय. मोजायला लावलता."

मी वर बघत राहिलो. सकाळपासून आम्ही त्यांच्याखाली बसून सिनेमा पाहत होतो.

"मिस्त्रीला आत्ताच विचारलं," तो म्हणाला. "म्हणला, हितं एकवीस दिवस हात लावायचा न्हाई. मालकाचं स्वतःचं हाय ना."

मागून साखरपुड्याची सनई सुरू झाली. त्यानं पडद्याची गुंडाळी माझ्या हातात दिली.

"सर, तुमी तर पुरा बघितला असंल. मारला का त्यानं शिक्का?"

"नाही मारला," मी म्हणालो.

त्यानं मान हलवली आणि गेला. मला फार बरं वाटलं. मी एका तरुण माणसाला धीर दिला, तेही माझ्याकडून काहीही न जाता. त्याची नोकरी, त्याची बदली, त्याचा बाप, आणि माझं एक वाक्य.

सोमवारी साहेबांनी त्याला खोलीत बोलावून कागद पुढे केला. तिथे काय झालं ते त्यानं मला त्याच आठवड्यात सांगितलं.

"मी म्हणलं, साहेब, कालच तुमी म्हणले, शिक्का मारू नाही."

"मग?"

"म्हणले, अरे येड्या, तो जपानी होता. मी म्हणलं, मग काय झालं? म्हणले, त्यांच्याकडं भूकंप होतात. आपल्याकडं कुठं होतात?"

किल्लारीला तेव्हा दहा वर्षंसुद्धा झाली नव्हती.

त्यानं सही केली नाही. तीन दिवसांत त्याच्या जागी दुसऱ्या अभियंत्याला काम दिलं गेलं आणि त्यानं ती उभ्या उभ्या केली. माझ्या विद्यार्थ्याला कारणे दाखवा नोटीस मिळाली. नोटिशीत कारण होतं: होळीत तीन दिवस कामावर गैरहजर, त्यामुळे कामाच्या दर्जावर परिणाम. म्हणजे स्लॅबला पोट आहे हे कार्यालयानं लेखी मान्य केलं, फक्त ते त्याच्या रजेमुळे आलं होतं. महिन्याभरात त्याची बदली गोंदियाकडे झाली. आई-बाप तांड्यावरच राहिले. कायम व्हायला त्याला आणखी दोन वर्षं लागली.

त्याच सोमवारी मी सीड्यांचं पार्सल बांधलं. सोबतचा फॉर्म भरला. 'कोणतीही काटछाट न करता संपूर्ण'. मंडळाचा रबरी शिक्का माझ्याच टेबलाच्या खणात असायचा. शाई वाळली होती, त्यावर पाण्याचे दोन थेंब टाकले आणि मारला. मला कोणी समजावलं नव्हतं. कोणी वाकूनही सांगितलं नव्हतं. फॉर्म खरा भरला असता तर पुढचा सिनेमा मिळाला नसता, एवढंच.

सहा-सात वर्षांनी तो हिंगोलीत माझ्याकडे आला. थोडा जाड झाला होता, चष्मा लागला होता. मंडळ तोवर बंद पडलं होतं, कारण पुढच्या साहेबांना सुगम संगीत आवडायचं. चहा अर्धा झाल्यावर तो म्हणाला, "सर, तो सिनेमा बघितला मी. एका दोस्ताच्या कॉम्प्युटरवर. पुरा."

मी कप खाली ठेवला.

"मारला की त्यानं."

"हो."

"मग तवा न्हाई काहून म्हणले?"

मी बशीत सांडलेला चहा परत कपात ओतला. मग म्हणालो, "तू सही करू नयेस असं मला वाटत होतं."

"ते तर मलाबी वाटत व्हतं, सर." तो आता हसला, पूर्वीसारखा. "त्याच्यासाठी जपानी माणूस कशाला पाहिजे व्हता? मी शनवारीच ठरवून आलतो तुमच्याकडं. तुमी म्हणले सिनेमा बघ. म्हणलं, सर म्हणून राहिले तर बघावं. मग अर्धाच दाखवला. म्हणून नुसतं विचारलं, पुढं काय झालं."

मी खिडकीबाहेर बघितलं.

"मग शनिवारी माझ्याकडे कशाला आला होतास?"

"नोटिशीचं उत्तर इंग्रजीत लिहून पाहिजे व्हतं. नोटीस येणारच व्हती. पण तुमी सिनेमात व्हते."

मी शाळेचं विचारलं. पोरं तिथे बसतात का?

"छ्या. मायनं बसू देलं न्हाई. मी जायच्या आधी तिला स्लॅबखाली नेऊन दोरी लावून दाखवलती. तिनं तांड्यावरल्या साऱ्या बायांला तशीच दोरी लावून दाखवली. उद्घाटनाला साऱ्याजणी गेल्या, टाळ्याबी वाजवल्या. दुसऱ्या रोजी एक लेकरू आत धाडलं न्हाई. हेडमास्तर म्हणला, वरून विचारतील. माय म्हणली, विचारू द्या, आमी दोरी दाखवू."

हेडमास्तरांनी मग पोरं जुन्या पत्र्याच्या शेडमध्येच बसवली. नव्या खोल्यांत खिचडीच्या तांदळाची पोती ठेवली.

सेनगावला जाताना एसटीच्या डाव्या खिडकीतून ती शाळा दिसते. एकदा उतरून मी जवळून पाहून आलो. दारावर संगमरवरी कोनशिला आहे. नऊ नावं आहेत. आठवं माझ्या विद्यार्थ्याचं आहे, कारण दगड आधीच कोरून आला होता. ज्यानं सही केली त्याचं नाव कुठेच नाही. स्लॅब अजून पडलेला नाही.